रिकाम्या जागेचा अन्वयार्थ : कोरिया, मालानी, खोपकर आणि शहराचा चित्रपटीय विचार

१

जळगावलगतचे असोदा हे गाव मराठी वाचकास बहिणाबाई चौधरी (१८८०–१९५१) यांचे माहेर म्हणून परिचित आहे. आचार्य अत्रे यांच्या प्रस्तावनेसह १९५२ साली त्यांची गाणी ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाली आणि तेव्हापासून सुगरणीच्या खोप्यावरील त्यांची कविता मराठी मनाचा भाग होऊन राहिली. या कवितेचे वाचन बहुधा दोन अंगांनी होत आले आहे. एक अंग वात्सल्याचे आणि निसर्गभावाचे. दुसरे, अक्षरओळख नसलेल्या शेतकरी स्त्रीच्या प्रतिभेविषयीच्या नवलाचे. ही दोन्ही वाचने ग्राह्य आहेत. मात्र घर कसे उभे राहते, ते कोण उभारतो आणि कशाच्या बळावर उभारतो, याविषयीचा जो विचार या कवितेत आहे, तो या वाचनांच्या कडेलाच राहतो. राहणारी आणि बांधणारी येथे एकच आहे. तिच्यापाशी साधन एकच, तेही तिच्या देहाचाच अवयव. आणि ज्या जागी ती बांधते ती जागा पाहणाऱ्याला केवळ झाडाची फांदी व तिच्याखालची पोकळी म्हणून दिसते. बांधणारीच्या दृष्टीने मात्र ती आधीपासूनच वस्तीची जागा असते.

हा विचार कडेला राहण्याचे कारण मराठी समीक्षेच्या वर्गीकरणात शोधावे लागते. साठनंतरच्या कालखंडात ‘ग्रामीण’ आणि ‘महानगरीय’ अशा कोटी स्थिरावल्या. त्यांतून बरेच मौलिक विवेचन झाले हे खरेच. परंतु गाव आणि शहर या दोन्ही गोष्टी प्रामुख्याने अनुभवाचे प्रदेश म्हणून वाचल्या गेल्या. गाव म्हणजे मुळे, शहर म्हणजे तुटलेपण, गर्दी, एकाकीपण. शहर ही एक रचना आहे, तेथे जागेची वाटणी होते, ती वाटणी कुणीतरी कागदावर आखतो आणि त्या आखणीची एक भाषा असते, हा प्रश्न साहित्यविचाराच्या कक्षेबाहेर, वास्तुविशारद आणि अभियंते यांच्याकडे सोपविला गेला.

मुंबईत मात्र याच प्रश्नाचा एक वेगळा इतिहास घडत होता. १९५५ ते २००८ या अर्धशतकात तयार झालेल्या काही लघुपटांतून आणि अनुबोधपटांतून तो वाचता येतो. या इतिहासातील तीन नावे येथे विचारात घ्यावयाची आहेत : वास्तुविशारद चार्ल्स कोरिया, चित्रकार नलिनी मालानी आणि चित्रपटकार-लेखक अरुण खोपकर. तिघांच्या कृतींना जोडणारा धागा एका शब्दाचा आहे : ‘रिकामी जागा’. हा शब्द वरवर पाहता वर्णनपर वाटतो. प्रत्यक्षात तो निवाडा असतो. कोणती जागा रिकामी ठरवावयाची, हे ठरविणारा त्याच क्षणी तेथे कोण नाही हेही ठरवीत असतो.

२

चार्ल्स कोरिया (१९३०–२०१५) यांचे घराणे मूळचे गोव्याचे, जन्म सिकंदराबादचा. मुंबईत सेंट झेवियर्स महाविद्यालयात शिकून ते अमेरिकेत मिशिगन विद्यापीठात आणि नंतर मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीत गेले. १९५५ साली पदव्युत्तर पदवीसाठी त्यांनी सादर केलेला प्रबंध हा एखाद्या इमारतीचा आराखडा नव्हता. ती एक सचेतपटाची निर्मिती होती. ‘यू अँड युवर नेबरहुड’ या त्या चित्रपटात मोडकळीस येत चाललेली वस्ती आणि तेथील रहिवाशांनी एकत्र येऊन ती सावरण्याची प्रक्रिया असा विषय होता. त्याच सुमारास त्याच संस्थेत केव्हिन लिंच आणि ग्योर्गी केपेश हे माणसाच्या मनात शहराचे चित्र कसे आकारास येते याचा अभ्यास करीत होते. लिंच यांचा ‘द इमेज ऑफ द सिटी’ हा ग्रंथ पुढे १९६० साली प्रसिद्ध झाला. अशा वातावरणात वास्तुकलेच्या विद्यार्थ्याने चित्रपटाकडे वळणे आकस्मिक म्हणता येत नाही.

येथे एक तात्त्विक भेद ध्यानात घ्यावयास हवा. नकाशा सर्व गोष्टी एकाच क्षणी दाखवितो. त्यात आधी आणि नंतर नसते. चित्रपटाला ‘नंतर’ टाळता येत नाही. ज्याने आपल्या पहिल्याच स्वतंत्र विचारासाठी नकाशाऐवजी चित्रपट निवडला, त्याने वस्ती ही काळात घडणारी आणि बिघडणारी गोष्ट आहे, हे गृहीत धरलेले असते. कोरियांच्या पुढील कार्यातील उत्तम ते या गृहीतातून आले आणि त्यातील पेच हे गृहीत जेथे सुटले तेथे निर्माण झाले, असे म्हणता येईल.

१९५८ पासून मुंबईत व्यवसाय करीत असताना कोरिया, प्रवीणा मेहता आणि शिरीष पटेल यांनी बंदरापलीकडे, मुख्य भूमीवर, नव्या शहराची कल्पना मांडली. मुल्कराज आनंद यांच्या संपादकत्वाखालील ‘मार्ग’ या नियतकालिकाचा जून १९६५ चा अंक तिला वाहिलेला होता. नियोजन आणि स्वप्न अशी जोडी त्या अंकाच्या शीर्षकातच होती. दक्षिणोत्तर चिंचोळ्या पट्टीत कोंडलेल्या मुंबईची वाढ पूर्वेकडे वळवावी, जमीन शासनाच्या हाती असावी आणि शहर वाढेल तसतशी तिची चढणारी किंमत गरिबांच्या घरांसाठी वापरता यावी, हा त्या कल्पनेचा गाभा होता. १९७० साली सिडकोची स्थापना झाली आणि कोरिया तिचे मुख्य वास्तुविशारद होते. १९७५ साली फिल्म्स डिव्हिजनसाठी त्यांनी ‘सिटी ऑन द वॉटर’ हा मुंबईवरील लघुपट दिग्दर्शित केला. बेटांपासून महानगरापर्यंतचा प्रवास, लोकलगाड्यांची गर्दी, झोपड्यांची दाटी आणि पाण्यापलीकडील नव्या शहराची शक्यता असा त्याचा युक्तिवाद आहे.

विद्यार्थिदशेतील चित्रपट आणि हा लघुपट यांतील अंतर अर्थपूर्ण आहे. पहिल्यात वस्तीचे रहिवासी हे कर्ते आहेत. दुसऱ्यात कर्तेपण नियोजनाकडे गेले आहे आणि माणसे आकड्यांच्या रूपाने, प्रवाहाच्या रूपाने दिसतात. एवढ्या मोठ्या शहराचा प्रश्न मांडताना हे अपरिहार्य होते, असा बचाव करता येतो. परंतु त्या अपरिहार्यतेची किंमत कोणी दिली, हा प्रश्न शिल्लक राहतोच.

३

तो प्रश्न लघुपट तयार होण्यापूर्वीच एका तरुण चित्रकर्तीच्या हातून, वेगळ्या रीतीने, आकार घेऊ लागला होता. चित्रकार अकबर पदमसी यांनी नेहरू अभ्यासवृत्तीच्या आधारे मुंबईत १९६९ ते १९७२ या काळात ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ चालविले. चित्रकार, छायाचित्रकार आणि चित्रपटकार यांनी एकमेकांची माध्यमे हाताळून पाहावीत, हा त्यामागील हेतू. भारतीय प्रायोगिक चित्रपटाच्या इतिहासात या अल्पायुषी कार्यशाळेचे स्थान तिच्या कालावधीच्या मानाने फार मोठे आहे. पदमसींचा ‘सिझिजी’ हा सचेतपट तेथेच झाला आणि जे. जे. कलाशाळेतून १९६९ साली बाहेर पडलेल्या नलिनी मालानी यांनी आपले पहिले चित्रपट तेथेच केले.

त्यांतील ‘ड्रीम हाउसेस’ (१९६९) हा आठ मिलिमीटरच्या फिल्मवर चौकटी-चौकटीने चित्रित केलेला रंगीत सचेतपट होय. पुठ्ठ्याच्या घरांची प्रतिकृती, तिच्यावर पडणारे रंगीत प्रकाश आणि त्यांतून सतत बदलणारी भूमितीय रूपे, एवढेच त्याचे साहित्य. कोरिया आणि त्यांच्या पिढीने मांडलेल्या आधुनिक घरांच्या स्वप्नाची प्रेरणा त्यामागे होती. घरे आहेत, पण त्यांत कोणी नाही. त्या वयात आणि त्या दशकात हे रिकामेपण आश्वासक वाटणे स्वाभाविक होते. ज्यांच्यासाठी घरे बांधावयाची ते यावयाचे आहेत, एवढाच त्याचा अर्थ.

१९७६ साली मालानींनी सोळा मिलिमीटरवर कृष्णधवल चित्रीकरण केले. त्यात एक तरुणी उंचावरून शहराकडे पाहते आहे. समोर स्वप्नातील घरे नाहीत, विस्तारत गेलेली झोपडवस्ती आहे. पुढे ही दोन चित्रीकरणे शेजारी-शेजारी प्रक्षेपित होऊ लागली आणि ‘यूटोपिया’ (१९६९–७६) ही कृती सिद्ध झाली. एका पडद्यावर रंग, दुसऱ्यावर करडेपण. एकीकडे माणसाविना घर, दुसरीकडे घराविना माणूस. या दोहोंमध्ये सात वर्षांचे अंतर आहे आणि त्या अंतरात नेहरूयुगाची उरलीसुरली उमेद, आणीबाणी आणि शहराच्या मध्यभागी वाढलेली बेघरपणाची सवय सामावलेली आहे.

या कृतीला नियोजनावरील टीका म्हणणे पुरेसे होणार नाही. टीका एका प्रतिमेच्या जागी दुसरी प्रतिमा ठेवते. मालानी पहिली प्रतिमा पुसत नाहीत. ती तशीच चालू ठेवतात आणि दुसरी तिच्या शेजारी लावतात. त्यामुळे प्रेक्षकास स्वप्नाचा त्याग करण्याची सोय उरत नाही आणि वास्तवाकडे पाठ फिरविण्याचीही नाही. कृतीचा अर्थ दोन पडद्यांच्या मधल्या फटीत निर्माण होतो. आराखड्यातील रिकामी जागा भविष्याची असते. ही फट झाल्या गेल्याची साक्ष देते.

४

रिकामेपणाचा शब्दार्थ प्रत्यक्ष जीवनात कसा घडतो, याची दोन उदाहरणे मुंबईच्या इतिहासात आहेत. दोन्हींत कोरियांचे नाव येते आणि दोन्हींत त्यांच्या हेतूपेक्षा शब्दाची शक्ती अधिक ठरली.

पहिले उदाहरण नवी मुंबईचे. प्रकल्पासाठी निश्चित झालेल्या सुमारे ३४४ चौरस किलोमीटर क्षेत्रात ९५ गावे होती. मुंबईच्या बाजूने पाहणाऱ्याला बंदरापलीकडचा तो प्रदेश मोकळा वाटला. आगरी आणि कोळी समाजाच्या दृष्टीने तो भातखाचरांचा, मिठागरांचा, खाडीच्या मासेमारीचा प्रदेश होता. संपादनाच्या दराविरुद्ध दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली उभे राहिलेले आंदोलन जानेवारी १९८४ मध्ये उरण परिसरात पोलिसांच्या गोळीबाराला सामोरे गेले आणि पाच जणांचे प्राण गेले. संपादित जमिनीच्या मोबदल्यात साडेबारा टक्के विकसित भूखंड देण्याचे तत्त्व पुढे मान्य झाले ते या संघर्षामुळे. दुसरीकडे, शासकीय कार्यालये पलीकडे हलविण्याची योजनेतील मूळ अपेक्षा मात्र पूर्ण झाली नाही. नरिमन पॉइंटवरील बांधकाम चालूच राहिले. म्हणजे योजनेतील जो भाग सत्तेला गैरसोयीचा होता तो गळाला आणि जो गावकऱ्यांना गैरसोयीचा होता तो अमलात आला.

दुसरे उदाहरण गिरणगावाचे. जानेवारी १९८२ मध्ये सुरू झालेल्या संपानंतर गिरण्या एकामागून एक थंडावल्या आणि शहराच्या मध्यभागी सुमारे ६०० एकर जमिनीचा प्रश्न उभा राहिला. १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीतील ५८ व्या नियमाने या जमिनीची तीन वाटण्यांत विभागणी सुचविली : एक सार्वजनिक मोकळ्या जागांसाठी, एक परवडणाऱ्या घरांसाठी, एक मालकांसाठी. १९९६ साली कोरियांच्या अध्यक्षतेखालील समितीने गिरण्यांच्या जमिनींचा एकत्रित विचार करणारा आराखडा दिला. तो बाजूला राहिला आणि २००१ साली नियमात दुरुस्ती झाली : विभागणी आता संपूर्ण जमिनीची नव्हे, केवळ बांधकाम नसलेल्या, म्हणजे ‘रिकाम्या’ जमिनीची. गिरण्यांच्या आवारातील बहुतांश जमीन शेडखाली असल्यामुळे सार्वजनिक वाटा आकसून गेला. २००५ साली उच्च न्यायालयाने ही दुरुस्ती अमान्य केली. मार्च २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती उचलून धरली. नवी मुंबईत भरलेली जमीन रिकामी समजली गेली. गिरणगावात कामगार निघून गेल्यानंतरची ओस जमीन भरलेली ठरविण्यात आली. दोन्ही ठिकाणी व्याख्येचा भार एकाच वर्गाच्या खांद्यावर पडला.

अरुण खोपकर यांचे चित्रपट या दुसऱ्या घटनाक्रमाच्या भोवती उभे आहेत. १९४५ साली जन्मलेल्या खोपकरांनी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये दिग्दर्शनाचे शिक्षण घेतले. १९७४ चा त्यांचा पदविका-चित्रपट ‘तीव्र मध्यम’ आज स्मिता पाटील यांच्या आरंभीच्या भूमिकेमुळे आठवला जातो. धुळे जिल्ह्यातील शिरपूरच्या घराण्यातील ही अभिनेत्री त्या वेळी चित्रपटसृष्टीला अपरिचित होती. ‘गुरुदत्त : तीन अंकी शोकांतिका’ या ग्रंथाने खोपकरांनी मराठीत चित्रपटाच्या संहितेचे काटेकोर वाचन कसे असावे याचा वस्तुपाठ घातला आणि ‘चलत्-चित्रव्यूह’ या पुस्तकास २०१५ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. सेर्गेई आयझेनस्टाइन हा त्यांच्या आयुष्यभराच्या चिंतनाचा विषय आहे.

हा संदर्भ येथे महत्त्वाचा आहे. आयझेनस्टाइनने वास्तुकला आणि चित्रसंकलन यांच्या नात्यावर लिहिताना अथेन्सच्या अक्रोपोलिसला चित्रपटाचा पूर्वज मानले आहे. चालत जाणाऱ्या माणसाच्या डोळ्यांपुढे इमारती ज्या क्रमाने उलगडतात, तो क्रम म्हणजेच संकलन. इमारत एका जागी उभी राहून समजत नाही. तिच्यातून चालावे लागते. या भूमिकेतून पाहता खोपकरांच्या ग्रंथनामातील ‘व्यूह’ हा शब्दही सूचक ठरतो. व्यूहाचा नकाशा असतो, पण तो कळतो आत शिरल्यावर. आणि शिरणाऱ्याला बाहेर पडण्याची वाट ठाऊक असेलच असे नाही.

‘फिगर्स ऑफ थॉट’ (१९९०) या अनुबोधपटात खोपकरांनी भूपेन खख्खर, विवान सुंदरम आणि नलिनी मालानी या तीन चित्रकारांचा वेध घेतला. २००२ साली ‘नारायण गंगाराम सुर्वे’ हा चित्रपट आला. नारायण सुर्वे (१९२६–२०१०) यांना ज्या गिरणी कामगाराने आपले नाव दिले, त्याचे नाव शीर्षकात पूर्णपणे उच्चारलेले आहे, ही गोष्ट साधी नाही. अनाथ मुलाला नाव देणे म्हणजे त्याला शहरात जागा देणे. गिरणगावाची जमीन कायद्याच्या भाषेत एकरांत आणि चटईक्षेत्रात मोजली जात असताना, त्याच भूमीचे दुसरे मोजमाप एका माणसाच्या नावात आणि कवितेत आहे, हे या चित्रपटाने नोंदविले. नियम ५८ मधील दुरुस्ती आणि हा चित्रपट यांच्यात एका वर्षाचेच अंतर आहे.

२००८ साली खोपकरांनी कोरियांच्या कार्यावर ‘व्हॉल्यूम झीरो’ हा चित्रपट केला. घनफळ शून्य, किंवा आकारमान शून्य. कोरियांच्या वास्तुविचारात आकाशाखालची उघडी जागा हीच घराची सर्वांत मौल्यवान खोली होय. अंगण, गच्ची, ओटा यांना ते इमारतीचा गाभा मानीत. जयपूरच्या जवाहर कला केंद्रात नऊ चौकोनांच्या मांडणीतील मधला चौकोन त्यांनी मोकळा ठेवला. हे शून्य नियोजनाच्या नकाशातील शून्यापेक्षा पूर्णतः वेगळे आहे. पहिले वापराने भरते. दुसरे भरण्यापूर्वी रिकामे करून घ्यावे लागते. सुर्व्यांवरील चित्रपटानंतर कोरियांवरील चित्रपट, हा क्रम जणू एका दीर्घ संकलनाचा भाग आहे : शहराने ज्याला जागा दिली नाही तो कवी आणि शहरात जागा आखणारा रचनाकार.

५

शहराविषयीचा असा चित्रपटीय विचार हा केवळ मुंबईचा विशेष नाही. १९५२ साली मेक्सिको सिटीत जन्मलेले मॅन्युएल देलांडा १९७५ मध्ये न्यूयॉर्कला आले, काही वर्षे प्रायोगिक चित्रपट करीत राहिले, नंतर तत्त्वज्ञानाकडे वळले आणि पुढे अमेरिकेतील वास्तुकला विद्यालयांतून शहरांच्या घडणीविषयी शिकवू लागले. ‘अ थाउजंड इयर्स ऑफ नॉनलिनियर हिस्टरी’ (१९९७) या ग्रंथात त्यांनी शहराच्या विटा-दगडांना माणसाचा बाह्य सांगाडा म्हटले आहे : शरीरात जशी हाडे घडली, तशीच पुढे शरीराबाहेर भिंती घडल्या. कुणाच्याही एकट्याच्या आज्ञेविना गुंफली जाणारी जाळी आणि वरून आखलेली उतरंड, या दोन प्रक्रियांतून शहरे आकारास येतात, हे त्यांचे प्रतिपादन. मात्र ते लगेच बजावतात की या दोन्ही प्रक्रिया नेहमी मिसळलेल्या असतात आणि जाळीला आपोआप न्याय्य मानणे ही फसवणूक ठरेल.

हा इशारा बेलापूरच्या आर्टिस्ट्स व्हिलेजच्या संदर्भात उपयोगी पडतो. १९८३ ते १९८६ या काळात कोरियांनी सिडकोसाठी रचलेल्या या वसाहतीत सात घरांभोवती एक अंगण, अशा तीन गटांभोवती मोठे अंगण, अशी चढती मांडणी आहे. कोणत्याही दोन घरांची भिंत सामाईक नाही, कारण प्रत्येक कुटुंबाला आपले घर आपल्या सोयीने वाढविता यावे. १९५५ च्या सचेतपटातील रहिवासी येथे पुन्हा कर्ता झाला आहे. पुढील काळात रहिवाशांनी घरे खरोखरच वाढविली. अनेकांनी मूळ घर पाडून सिमेंटची मजलेदार घरे उभारली. वास्तुकलेच्या अभ्यासकांना याचे दुःख होते. परंतु ज्याला बांधण्याची मुभा दिली त्याने रचनाकाराच्या आवडीप्रमाणेच बांधावे, ही अपेक्षा मुभेच्या विरुद्ध जाते. त्याच वेळी, ज्याच्यापाशी पैसा आहे तोच घर वाढवू शकतो, हेही तेथे दिसून येते. देलांडांचा इशारा येथे खरा ठरतो.

या पार्श्वभूमीवर असोद्याकडे पुन्हा पाहता तेथील कविता भाबडी वाटत नाही. असोदा हे शहराच्या इतिहासाबाहेरचे गाव नव्हे. खानदेशातील कापूस रेल्वेने मुंबईच्या गिरण्यांत आणि बंदरात जात होता; ज्या गिरणगावाच्या जमिनीचा नंतर वाद झाला, त्याच्या भरभराटीत या काळ्या मातीचा वाटा आहे. गावातील जागेचे ज्ञानही गुंतागुंतीचे असते. खळे सुगीखेरीज वर्षभर मोकळे दिसते, गायरान गुरे परतल्यावर ओस पडते, पडीक शेत पुढच्या पेऱ्याची वाट पाहत असते. मोजणीच्या नकाशात या जागा रिकाम्या असतात. गावाच्या व्यवहारात त्यांपैकी एकही रिकामी नसते, कारण तेथे जागा काळासकट ओळखली जाते. अर्थात या व्यवहारातही जातीची उतरंड असते, कोणाचे घर कोठे असावे हे आधीच ठरलेले असते आणि तेथील मोकळी जागा सर्वांना सारखी मोकळी नसते. गावाचे ज्ञान म्हणून जे मांडावयाचे त्यात हेही मांडावयास हवे.

सुगरणीच्या कवितेचा वास्तुविचार अशा रीतीने पुन्हा वाचता येतो. तिचे महत्त्व साधेपणाच्या गौरवात नाही. बांधणारा आणि राहणारा यांची फारकत झाली की जागा प्रथम ‘रिकामी’ होते, हे ती कविता उलट बाजूने दाखविते : जेथे ही फारकत नाही, तेथे पोकळीदेखील वसलेली असते. कोरियांनी हे तत्त्व अंगणाच्या रूपाने ओळखले, परंतु बंदरापलीकडे पाहताना त्यांना ते धरून ठेवता आले नाही. मालानींनी त्या सुटण्याची वेळ नोंदविली. खोपकरांनी ज्यांची जागा गेली त्यांचे नाव आणि ज्याने जागा आखली त्याचे शून्य, ही दोन्ही एकाच दृष्टीच्या कक्षेत आणली.

मराठी समीक्षेपुढील काम यातून स्पष्ट होते. आराखडे, नियमावल्या, न्यायनिवाडे आणि चित्रपट या सर्व शहराच्या संहिता आहेत, आणि त्यांतील एकेका शब्दाचा अर्थ लावणे हे साहित्याच्या अभ्यासकाचेच काम आहे. २००१ साली एका नियमातील एक विशेषण बदलले आणि शेकडो एकरांचे भवितव्य बदलले. कवितेतील विशेषणांवर पानेच्या पाने लिहिणाऱ्या परंपरेला या विशेषणाचे वाचन परके वाटण्याचे कारण नाही.